ढोलीतलं गुलाबी बी

मित्रांनो, बुधरीबाईच्या घरातली धान साठवायची बांबूची म्हातारी ढोली ती मीच. मुलचेऱ्याजवळच्या जंगलातून बांबू आणून बुधरीच्या नवऱ्यानं, पोचूनं, मला विणलं आणि बुधरीनं शेणामातीनं सारवलं. तेव्हापासून घरच्या धानाचं बी माझ्याच पोटात. कितीही पाऊस लागो, दाणा म्हणून भिजू दिला नाही मी! "माही ढोली सोन्याची हाय," असं बुधरी पाहुण्यांना सांगायची आणि मी फुगून बसायची.

या घराची एक रीत होती. पेरणी झाली की उरलेलं बी फेकायचं नाही. ते कांडून पेज करायची आणि पहिला घोट घरातल्या सगळ्यात लहान लेकराला द्यायचा.

मग एका साली बुधरीचा मुलगा लोकेश दुकानातून नवं बी घेऊन आला. दाणे चक्क गुलाबी! पेरून उरलेलं त्यानं सवयीनं माझ्यात ओतलं आणि रिकामी पिशवी डोक्यावर घेऊन पावसात बांधाकडं गेला. वास असा उग्र, की माझ्या फटींतले किडे पटापट मेले.

दुसऱ्या दिवशी बुधरीनं तेच बी काढलं. अंगणात धुतलं, भाजलं, कांडलं. "रंग तं गेला," म्हणाली. अगं बाई, रंग गेला, पण बाकीचं गेलं का? ओरडावंसं वाटत होतं, पण ढोली कशी ओरडणार! चुलीवर पेज रटरटली. लोकेशची लहानगी पोर स्वाती वाटी घेऊन बसली. माझा जीव टांगणीला लागला.

तेवढ्यात लोकेश जेवायला आला. अंगणातलं गुलाबी पाणी बघून तो धावतच आत शिरला आणि पोरीच्या हातची वाटी हिसकून भिंतीवर आपटली.

"अन्न फेकतं? लाज नाई वाटत?" बुधरी कडाडली.

"माय, जहर हाय त्याच्यात! किडीचं औषध लावलं हाय. दुकानवाल्यानं सांगतलं होतं, हे बी खायाचं नाई म्हणून."

"मंग मले काऊन नाई सांगतलं?"

लोकेशनं मान खाली घातली. "तुले सांगून काय कराचं, असं वाटलं."

बुधरीनं पोरीचं तोंड धरलं. "पेज पिल्ली का तू?"

"नाई आजी. गरम होती, फुकून राह्यली होती."

बुधरी पोरीला पोटाशी धरून ढसाढसा रडली.

त्याच दिवशी तिनं मला गोठ्यामागं नेऊन टाकलं. माझ्यात पुन्हा दाणा पडला नाही. वाईट वाटलं, पण तिचं बरोबरच होतं; माझ्या फटींत ते जहर मुरलं होतं.

मित्रांनो, नवं बी, नवं औषध जरूर आणा. पण ते कसलं आहे, हे चुलीपाशी बसणाऱ्या बाईला आधी सांगा. माझं सोडा, मी पडले ढोली. लोकेशला तर बोलता येत होतं.