काळ्या सरदाराची शेवटची पाने

मित्रांनो, मला हातात घ्याल तर नंतर हात धुवा. मी एक जुने चित्रकथेचे पुस्तक आहे, आणि मला माझीच किळस येते.

महाराष्ट्र राज्य होऊन दोन-तीन वर्षे झाली होती, तेव्हा खामगावच्या एका छापखान्यात माझा जन्म झाला. माझा नायक काळा सरदार. तोंडावर काळा मुखवटा, हातात आसूड. गुन्हेगाराला खांबाला बांधून तो फोडून काढी. शेवटी तो एका वेड्याला चोर समजून झोडपतो आणि मग खरा चोर सापडतो. 'वेडा नक्की कोण, तो की मी?' या विचाराने सरदाराची झोप उडते. तो मुखवटा फेकून त्या वेड्याचे पाय धरतो. त्या चार पानांसाठीच मला लिहिले होते.

पिंपळगाव राजा या गावच्या कारभारी नावाच्या न्हाव्याने मला आपल्या केशकर्तनालयात बाकावर ठेवले. नंबर लागेपर्यंत माणसे मला मोठ्याने वाचत. पानांत केस अडकले, तेलाची बोटे उमटली, तरी मी फुशारून जाई.

एके दिवशी शेषराव मास्तरांनी मला पूर्ण वाचले. "सरदारानं पागलाचे पाय धराव? पोरं बिघडतीन याच्यानं," म्हणत त्यांनी ती चार पाने टरकावली आणि वस्तऱ्याचा फेस पुसायला कारभारीला दिली. आसुडाची साठ पाने मात्र त्यांना चालली.

त्याच आठवड्यात उकंडरावांचा पितळी गुंड, म्हणजे पाणी भरायची घागर, विहिरीवरून नाहीसा झाला. तिथे दयाराम नावाचा एक भोळसट माणूस स्वतःशी हसत बसलेला असे. उकंडराव माझे रोजचे वाचक. त्यांनी तोंडाला काळे उपरणे गुंडाळले आणि दयारामला दुकानासमोरच्या खांबाला बांधले.

"गुंड कुठं ठेवला, सांग बे."

दयाराम हसला. आसूड बसला तरी आधी हसलाच. जमलेल्यांपैकी एकाने तर मला उघडून, फटका चित्रातल्यासारखा बसतो का, ते ताडून पाहिले. शी!

तिसऱ्या दिवशी दयारामची बहीण पंचफुला हिने विहिरीत गळ टाकला आणि गुंड वर आला. तो ओला गुंड घेऊन ती दुकानात आली. उकंडराव दाढीला बसले होते, बाकावर मास्तर होते.

"माह्या भावाची पाठ फुटली. चाला, त्याले माफी मांगा."

"काऊन? काळा सरदार मांगते काय माफी? पाहा न पुस्तकात."

पंचफुलाला वाचता येत नव्हते. ती मास्तरांकडे वळली. "मास्तर, तुमी सांगा. नाही मांगत?"

मास्तरांनी मान वर केली नाही. "नाही," ते म्हणाले.

ती गेली. कारभारीने खिळ्याला टोचलेला शेवटचा कागद ओढला. त्यावर काळा सरदार गुडघे टेकून बसला होता, दोन्ही हात वेड्याच्या पायांवर. उकंडरावांच्या गालावरचा फेस चित्रातल्या सरदाराच्या तोंडाला पुसला गेला आणि तो बोळा केसांच्या ढिगात पडला.

मित्रांनो, मला जपून ठेवा असे मी म्हणणार नाही. मला हाती घेतले तर आधी शेवटची पाने आहेत का पाहा. नसतील, तर खुशाल चुलीत घाला.