मागची भिंत

टेबलावर दोन बहिणींनी बाहुलीपटासाठी, म्हणजे एकेक फोटो जोडून केलेल्या बाहुल्यांच्या सिनेमासाठी, बनवलेली दोन इवलीशी स्वयंपाकघरं होती. थोरल्या बहिणीच्या स्वयंपाकघरात एकतीस भांडी, चार खुर्च्या आणि खरोखर उघडणारी सहा कपाटं होती. धाकटीच्या स्वयंपाकघरात सात भांडी आणि एक खुर्ची होती. दिग्दर्शकाने धाकटीचं निवडलं.

"का?" थोरलीने विचारलं. धाकटीला कात्री धरायला तिनेच शिकवलं होतं.

"ताई, तुझं देखणं आहे," बाहुल्या हलवणारा म्हणाला, "पण दर फोटोआधी बाहुली जराशी हलवायला मी हात कुठून घालू? हिची मागची भिंत निघते."

थोरली त्या भिंतीवर वाकली. "निघते तशी सरकतही असेल. अर्धा मिलिमीटर सरकली तरी पडद्यावर घर थरथरेल. तसं झालं तर माझा सेट घ्यायचा."

"कबूल," दिग्दर्शक म्हणाला.

"तूच मोज गं ताई," धाकटी हसली. "मी मोजलं तर म्हणशील, लबाडी केली."

थोरलीने भिंत वीस वेळा काढून लावली. शेवटी शेवटी तर ती मुद्दाम धसमुसळेपणा करत होती. मग तिने स्वतःचा मोजमापाचा कॅलिपर लावला आणि आकडा मोठ्याने वाचला.

भिंत शून्य पूर्णांक एक मिलिमीटर सरकली होती.