सलमाने दिलेले मशीन

पेडण्यात देवकीच्या घरी, परवापर्यंत माळ्यावर लाकडी पेटीत पडून असलेले, हाताने फिरवायचे शिवणयंत्र म्हणजे मी. माझे चाक आता गंजून घट्ट बसले आहे. पण मित्रांनो, मी नेहमीच असे पडून नव्हते.

माझी पहिली मालकीण सलमा. ती मस्कतजवळच्या एका वस्तीत राहायची. नवरा लवकर वारला, तेव्हा तिच्या आईने मला आणून तिच्यापुढे ठेवले. तिथल्या बायका बाहेर पडताना काळा अबाया घालत, पण घरात मात्र पोपटी, केशरी, जांभळे कपडे. त्यांच्या सलवारींच्या घोट्याजवळच्या काठांवर सलमा नक्षी शिवी. दुपारी शेजारणी जमत, कॉफी आणि खजूर फिरे, आणि माप देता देता सासवांची गाऱ्हाणी, पोरांची आजारपणे, सगळे बोलून होई. मला ते घर फार आवडे.

तिथेच मागच्या खोलीत देवकी राहायला आली. तिचा नवरा गोकुळदास डिचोलीच्या खाणीवरचे काम सोडून मस्कतला मेकॅनिक झाला होता. मुलगी सुविधा गावी आजीकडे. नवरा कामावर गेला की देवकी एकटी पडे. सलमाने तिला मोडक्या हिंदीत हाक मारून आत बोलावले आणि माझ्यापुढे बसवून शिवण शिकवले.

सलमा कधी शाळेत गेली नव्हती, पण तिच्या मुलीला, जहराला, शिक्षिका व्हायचे होते. एके दिवशी जहराचा काका हमद तिच्यासाठी स्थळ घेऊन आला. पुरुष बैठकीत बसले होते. तिथे बायकांनी जायची रीत नव्हती. सलमाने हातातले कापड बाजूला ठेवले, डोक्यावरून ओढणी घेतली आणि ती सरळ आत गेली.

"शाळा पुरी झाल्याशिवाय माझी मुलगी कुणाच्या घरी जाणार नाही," ती म्हणाली.

हमदने त्या घरी येणेच सोडले. नातेवाईक बोलेनासे झाले. सलमाने ते सोसले, आणि जहरा शिकली. देवकीने हे सारे दारापाशी उभे राहून पाहिले होते.

गोवा घटक राज्य झाले त्या वर्षी देवकी आणि गोकुळदास गावी परतले. निघताना सलमाने मला देवकीच्या हाती दिले. पेडण्यात तिच्या शिवणाचे नाव झाले. माझेही कौतुक होई.

मग गोकुळदासने सुविधाची सोयरीक मांद्र्याला जमवली. सुविधाला पणजीला कॉलेजात जायचे होते. तिने आईला तसे सांगितले, आणि बाप विचारायला आला तेव्हा ती माझ्याजवळच उभी होती.

"तुजा काय म्हणणा?" गोकुळदासने देवकीला विचारले.

देवकीने मान वर केली नाही. "तुम्ही ठरवशात तां," म्हणाली आणि माझे चाक फिरवत राहिली.

लग्नाची चोळी माझ्यावरच शिवली गेली. त्यानंतर देवकी माझ्यापुढे फारशी बसली नाही. हळूहळू मी माळ्यावर गेले.

परवा सुविधा माहेरी आली. तिने मला खाली काढले, धूळ पुसली. देवकी जवळ येऊन बसली. मग म्हणाली, "माका तेव्हा बोलूक होया होता."

सुविधाने फडके खाली ठेवले. "मी वाट बघत होतंय, आई."

मित्रांनो, मला तेल घालायला विसरलात तरी माझी तक्रार नाही. पण तुमच्या घरात कुणी अशी वाट बघत उभी असेल, तर तिच्यासाठी वेळेवर बोला.