उजवा पाय

"पुन्हा सांगतो, मी ब्रेकच दाबला होता," तोयोकी म्हणाला.

सुमिए आपल्या गॅरेजात त्याच्या गाडीखाली उताणी पडलेली होती. तिथून तिला त्याचे चिखलाने भरलेले रबरी बूट दिसत होते आणि शेजारी त्याच्या मुलाचे, कात्सुमीचे, शहरी जोडे. बूट गाडीच्या अगदी जवळ उभे होते. जोडे दाराकडे तोंड करून होते.

"बाबा, सगळे म्हातारे हेच म्हणतात हो. टीव्हीवर रोज एकाला दाखवतात. कुणी दुकानात गाडी घालतो, कुणी दवाखान्याच्या भिंतीत. आणि बाहेर आल्यावर प्रत्येक जण हेच सांगतो, मी ब्रेक दाबला होता."

"मग त्यातला एखादा खरं बोलत असेल की नाही?"

"सुमिएताई, आता तुम्हीच समजवा यांना."

सुमिए चाकांच्या फळीवरून सरकत बाहेर आली. हात पुसत म्हणाली, "काका, ब्रेकमध्ये काही दोष नाही. चारही चाकं नीट धरतात. पॅड मीच बदललेत."

 तोयोकीने गाडीच्या चेपलेल्या तोंडावर हात ठेवला, आजारी बैलाच्या कपाळावर ठेवावा तसा.

ती पांढरी छोटी व्हॅन म्हणजे जपानातल्या कोची प्रांताच्या त्या दरीतलं शेवटचं दुकान होतं. तोयोकीने तरुणपणी लाकडाचे ट्रक चालवले. जंगलं बंद झाली, मग वरच्या वाड्यांमधली दुकानं बंद झाली, मग त्याची बायको गेली. त्यानंतर त्याने ही गाडी घेतली आणि मागच्या शीतपेटीत तोफू, भाजलेले मासे, पाव, कोन्याकू कंदाच्या वड्या असं काय काय भरून तो वर जायला लागला. वर माणसं थोडी आणि सगळी म्हातारी. कुणाचा दिवा गेला तर तो बदलून द्यायचा. हॉर्न वाजवल्यावर एखादं दार उघडलं नाही, तर सामान तसंच टाकून आत शिरायचा. एका हिवाळ्यात न्हाणीघरात पडलेल्या एकाला त्याने दार फोडून बाहेर काढलं होतं.

गेल्या आठवड्यात कुझुनोसेच्या वाडीत तो फुसाएच्या अंगणात गाडी चढवत होता. रस्त्यापासून अंगणापर्यंत छोटा चढ आहे. गाडी वळवायला वर तेवढीच जागा, म्हणून सगळी वाडी तिथेच जमते. फुसाए चालताना आधाराला घ्यायच्या आपल्या ढकलगाडीच्या बैठकीवर बसून वाट बघत होती. गाडी चढावर दबकली आणि एकदम उसळली. ढकलगाडी चेपली, फुसाए बाजूला फेकली गेली. खुब्याचं हाड मोडलं. आता ती खालच्या गावातल्या इस्पितळात होती आणि तिचं घर बंद होतं.

सोमवारी कात्सुमी बापाला घेऊन पोलीस ठाण्यात जाणार होता, वाहन परवाना परत करायला. त्यासाठीच तो ओसाकाहून आला होता. भंगारवाला गाडी न्यायला येणार होता.

"परवाना द्यायला माझी ना नाही," तोयोकी म्हणाला. "एक्याऐंशीचा झालो. पण मला कळायला पाहिजे, सुमे. फुसाएला मी पाडलं की गाडीनं? एवढं बघून दे. मग गाडी मोडीत घाल नाहीतर दरीत ढकल."

कात्सुमीने मान फिरवली. सुमिएला त्याचाही राग आला नाही. मुलगा वाईट नव्हता. त्याला रात्री फोन वाजला की धडकी भरायची, एवढंच.

"बघते," ती म्हणाली.

आधी तिने संगणकाचं यंत्र जोडलं. इंजिनाने काहीच तक्रार नोंदवलेली नव्हती. मग एकटीच गाडी घेऊन ती गॅरेजमागच्या चढावर गेली. एकदा चढली, दोनदा चढली. गाडी सरळ चालली. हे काम इथंच संपवावं आणि म्हाताऱ्याला स्पष्ट सांगावं, असं तिच्या मनात आलं. इंजिन चांगलं तापलं होतं. परत फिरताना तिने अगदी हलका पाय ठेवला, अंगणात शिरताना ठेवतात तसा.

गाडी दबकली. कुणीतरी मागून शेपूट धरल्यासारखी मेली. तिने नकळत पाय थोडा आणखी दाबला आणि गाडीने अशी उडी घेतली की तिचं डोकं मागे आपटलं.



गॅरेजमध्ये येऊन तिने इंजिनावरचं झाकण काढलं. हवा आत सोडणाऱ्या नळीत एक झडप असते. पायाने रेस दिली की ती उघडते. तिच्या टोकाला काळी डबी बसवलेली असते, काड्यापेटीएवढी. झडप किती उघडली हे ती डबी इंजिनाला कळवत असते. तिला थ्रॉटल सेन्सर म्हणतात. तीन वायरी आणि दोन स्क्रू, बाकी काही नाही. डबी खोटं बोलली तर इंजिन तिच्यावरच विश्वास ठेवतं.

तिने आकडे दाखवणारा मीटर बाजूला ठेवला आणि वडिलांच्या वेळचा काट्याचा मीटर काढला. आकडे सावकाश बदलतात, त्यांच्या मध्ये काय घडलं ते निसटून जातं. काट्याचं तसं नसतं. चावी फिरवून, इंजिन बंदच ठेवून, तिने झडप बोटाने हळूहळू उघडायला सुरुवात केली. काटा वर चढू लागला. जरासा चढला आणि एकदम खाली पडला, शून्यावर. बोट पुढे गेल्यावर पुन्हा वर उडाला. तिने झडप सोडली, परत उघडली. काटा परत तिथेच पडला.

"काका!" तिने हाक मारली. "इकडे या. कात्सुमी, तूही ये."

दोघे वाकून बघू लागले. तिने पुन्हा झडप उघडली.

"पडला!" तोयोकी ओरडला. "बघितलंस? पडला!"

"म्हणजे काय झालं?" कात्सुमीने विचारलं.

"आतला पट्टा झिजलाय. पाय हलका असताना नेहमी जिथे राहतो, तिथेच. इंजिनाला वाटतं पाय काढला, म्हणून ते पेट्रोल तोडतं. गाडी दबकते. माणूस आणखी दाबतो, झिजलेली जागा मागे पडते आणि गाडी उसळते."

"पुन्हा कर," तोयोकी म्हणाला. तिने पुन्हा केलं. तो प्रत्येक वेळी मान हलवत होता. त्याच्या नाकाच्या टोकाला थेंब लोंबत होता आणि तो पुसायचं त्याला भान नव्हतं.

कात्सुमी सरळ उभा राहिला आणि बापासमोर कमरेत वाकला. "बाबा, चुकलो."

"असू दे रे. त्या जोड्यांना ऑइल लागेल, जरा मागे हो."

सुमिए हसली. पण एक गोष्ट तिने ओठांआड ठेवली. सेन्सर गाडीला उसळवू शकतो. पाय ब्रेकवर असेल, तर तो गाडीला पुढे नेऊ शकत नाही. फुसाएच्या अंगणात गाडी उसळून थांबली नव्हती, ढकलगाडीला चेपून पलीकडच्या खुंटापर्यंत गेली होती. ब्रेकवर पाय पोचायला उशीर झाला असेल, असं तिने स्वतःला सांगितलं. बापलेकाचे चेहरे बघून तिला दुसरं काही सांगवलं नाही.

त्याच संध्याकाळी तोयोकी इस्पितळात गेला. सुमिएने त्याला आपल्या गाडीतून नेलं. फुसाए पलंगावर पडून होती, दात काढून ठेवलेले, चेहरा मुठीएवढा झालेला. त्याने तिला काट्याची सगळी हकीकत सांगितली, हातवारे करून.

"मी नर्सला केव्हाच सांगितलंय," फुसाए म्हणाली. "म्हटलं, तोयो कशाला पाडेल मला? त्याच्याच्यानं कोंबडीसुद्धा मारवत नाही. त्याची बायको मारायची."

"ती मारायची खरी."

"मी घरी कधी जाणार, काही म्हणाले का रे ते?"

तोयोकीने सुमिएकडे पाहिलं. फुसाए आता घरी जाणार नव्हती. तिच्या भाचीने वृद्धाश्रमात जागा बघून ठेवली होती आणि हे खोलीत तिच्याखेरीज सगळ्यांना ठाऊक होतं.

"पाय बरा झाला की," तो म्हणाला.

नवी डबी शनिवारी दुपारी शहरातून आली. जुनीचे स्क्रू गंजले होते. एकाचं डोकं झिजलं, तो तिला पक्कडीने धरून काढावा लागला. नवी बसवून तिने स्क्रू सैल ठेवले, काट्याकडे बघत डबी केसभर इकडे, केसभर तिकडे फिरवली आणि झडप बंद असताना दिसायला हवं तेवढंच माप दिसल्यावर स्क्रू आवळले. मग झडप उघडली. काटा कुठेही न अडखळता वरपर्यंत गेला, तसाच खाली आला. गाडी सुरू केली. इंजिन झोपलेल्या मांजरासारखं घुरघुरत राहिलं.

रविवारी सकाळी तोयोकी दुकानाचं नाव लिहिलेली कापडी टोपी घालून आला. गाडीत तोफू आणि मासे भरले होते.

"चालवून बघायला नको का? रिकामी कशाला न्यायची? वरच्यांनी आठवडाभर काय खाल्लं असेल?"

"मी चालवते, काका."

"परवाना उद्यापर्यंत माझा आहे."

 काट्याचा प्रकार पाहिल्यापासून कात्सुमीने सोमवारचं नाव काढलं नव्हतं. भंगारवाल्याला त्याने नको म्हणून कळवलंही होतं. सुमिए डावीकडच्या आसनावर बसली.

तोयोकीने गाडी छान चालवली. अरुंद रस्ता, एका बाजूला दरी, पण प्रत्येक वळणाआधी वेग कमी, वळणावर हॉर्न, समोरून युझू लिंबांच्या पेट्या घेऊन ट्रक आला तेव्हा बेताने मागे घेऊन वाट दिली. सुमिएच्या छातीवरचं ओझं उतरत गेलं.

"पाण्यासारखी चालते गं," तो म्हणाला. "तुझा बाप असता तर म्हणाला असता, पोरीला उगाच लग्नाचं विचारत होतो."

"ते तो शेवटपर्यंत विचारत होता."

"चुकत होता तो. तुझ्या हातचं ऑइल लागलेलं जेवण कोण खाणार होतं!"

कुझुनोसेला त्याने हॉर्न वाजवला. फुसाएच्या बंद घरासमोर ताझुको हातात टोपली घेऊन उभी होती, तिच्यामागे आणखी एक म्हातारी काठी टेकत येत होती.

"आलास का रे मेल्या!" ताझुको लांबूनच ओरडली. "आठवडाभर लोणच्यावर काढला!"

तोयोकी हसला. गाडी चढाला लागली, अजिबात न दबकता सरळ वर चढली. अंगण आलं. आता थांबायचं होतं. सुमिएने त्याचा उजवा पाय उचललेला पाहिला. तो सरकला, थोडासा, आणि ठामपणे खाली आला. होता तिथेच खाली आला.

इंजिन गरजलं. नव्या सेन्सरने पायाचं म्हणणं जसंच्या तसं कळवलं.

सुमिएने दोन्ही हातांनी हँडब्रेक ओढला आणि कोपराने गिअर न्यूट्रलला मारला. मागची चाकं घासत गेली, गाडी तिरकी होऊन पाण्याच्या दगडी डोणीला टेकून थांबली. ताझुको भिंतीला चिकटून उभी होती. तिची टोपली खाली पडली होती. इंजिन अजूनही जिवाच्या आकांताने ओरडत होतं.

"काका, पाय उचला."

त्याने खाली पाहिलं. दुसऱ्या कुणाचा तरी पाय असावा, तसा तो बघत राहिला. मग त्याने पाय उचलला. इंजिन लगेच शांत झालं आणि गुळगुळीत घुरघुरू लागलं.

"अजून बरी नाही का झाली ती मेली गाडी?" ताझुको भिंतीपासूनच ओरडली. "सुमिए, काय दुरुस्त केलंस गं तू?"

सुमिए खाली उतरली. सांगण्यासारखं तिच्याकडे होतं. स्क्रू सैल राहिला असेल, एवढं म्हटलं असतं तरी पुरे होतं. या अंगणात कुणी उलट विचारलं नसतं. तिने तोंड उघडलं.

"तिला बोलू नकोस," तोयोकी मागून म्हणाला. तो दार धरून उतरला होता. "गाडीत दोष होता, तो तिनं काढला. आता उरला तो माझा. त्या दिवशी गाडी दबकली हे खरं. मी घाबरून पाय मारला हेही खरं. कुठे मारला, ते आज दिसलं."

"म्हणजे?" ताझुकोने विचारलं.

"म्हणजे तोफू किती देऊ?"

 त्याने मागचं दार उघडलं. ताझुकोला दोन तोफू आणि मासा दिला, काठीवालीला पाव. काठीवालीचा डबा उघडत नव्हता, तो उघडून दिला. पुढच्या आठवड्यात येशील ना, असं दोघींपैकी एकीनेही विचारलं नाही. ताझुकोने मात्र आणखी तीन तोफू मागून घेतले, जे तिला एकटीला संपणार नव्हते.

मग तोयोकी गाडीला वळसा घालून डावीकडे आला आणि दाराशी थांबला.

"इस्पितळावरून घे," तो म्हणाला.

"आजच?"

"ती बिचारी सगळ्यांना सांगत सुटली असेल, गाडीची चूक म्हणून."

सुमिए चालवायला बसली. गाडी घाट उतरू लागली. टोपी तोयोकीने गुडघ्यावर ठेवली होती. पहिलं वळण आलं तेव्हा तिला डोळ्याच्या कडेला काहीतरी हललेलं दिसलं. त्याचा उजवा पाय उचलला गेला होता आणि समोरच्या रिकाम्या पत्र्यावर, ब्रेक असता तिथे, दाबला गेला होता. पुढच्या वळणाला पुन्हा. त्याची नजर खिडकीबाहेर होती, पाय काय करतोय ते त्याला माहीत नसावं. खालच्या गावापर्यंत सगळी वळणं त्याने तशीच घेतली. पाय प्रत्येक वेळी बरोबर जागी पडत होता, आणि तिच्या पायापेक्षा जरा आधी.