निळ्या खिडकीतला दिवा

बल्गेरियातल्या प्लोवदिव शहराच्या जुन्या भागात पर्यटकांना पायी फिरवण्याचं काम झोर्नित्सा बावीस वर्षं करत होती. त्या सकाळी तिच्यामागे सहा माणसं होती आणि तिच्याच हाताखाली गाइडचं काम शिकलेल्या ल्युबेनच्या पिवळ्या छत्रीमागे चाळीस.

निळ्या खिडकीखाली ल्युबेन सांगत होता, "दूरदेशी गेलेल्या नवऱ्यासाठी या घरातली बाई रोज इथे दिवा लावायची. तो परतला तेव्हा तिची दृष्टी गेली होती, दिवा मात्र जळत होता." चाळीस माना खिडकीकडे वळल्या.

झोर्नित्साचा जळफळाट झाला. दिव्याची गोष्ट तिने एका कंटाळलेल्या गटासाठी मनानेच रचली होती. दृष्टी जाण्याचा शेवट तेवढा ल्युबेनचा होता.

तिने त्याला बाजूला घेतलं. "माझी गोष्ट चोरतोस? लाज नाही वाटत?"

"तुमची कशी, मावशी? खरा इतिहास म्हणून तुम्हीच शिकवलात ना? की नव्हता खरा?"

कबूल करावं तर बावीस वर्षांची अब्रू जात होती. ती आपल्या सहा जणांकडे वळली. त्यांना तिने गोष्ट सांगितली, शेवटी जरा अडखळली आणि ल्युबेनचाच शेवट सांगून मोकळी झाली.

एका बाईने डोळ्यांना रुमाल लावला. झोर्नित्साला ल्युबेनचा आणखीच राग आला.