साखरेच्या डब्याखालचे पैसे

माझ्या तोंडात तीळ भिजत नाही, असं सासरी-माहेरी सगळे म्हणतात आणि ते खरंच आहे. पण एक गोष्ट मी आजवर पोटात ठेवली आहे. आमचं घर आक्कांच्या साक्षीने गेलं, हे मी आक्कांना सांगितलेलं नाही.

आक्का म्हणजे माझी थोरली नणंद. नवरा गेल्यावर दिरांनी त्यांना चार दिवस धड राहू दिलं नाही, तेव्हा हे जाऊन त्यांना घेऊन आले. आमचं घर भाड्याचं, दोन खोल्यांचं. मागची खोली त्यांना दिली. तिला जिन्याकडून वेगळं दार होतं. शिंप्याकडून काज-बटणांची गाठोडी यायची, ती पुढच्या खोलीतून कशाला नाचवायची, म्हणून आक्का तेच दार वापरायच्या.

पहिल्याच महिन्यात त्यांनी साखरेच्या डब्याखाली पैसे ठेवले. मी परत केले. त्यांनी पुन्हा ठेवले. यांनी आवाज चढवला, तर बाई जेवायलाच येईनात. "फुकटचा घास माझ्या घशाखाली उतरत नाही," म्हणाल्या. झाकलेलं ताट बघून बघून शेवटी आम्हीच हात टेकले. पैसे मी घ्यायला लागले आणि आक्का घरात ताठ मानेने वावरायला लागल्या. माझ्या स्वयंपाकाला नावंही ठेवायच्या, आणि मला ते बरं वाटायचं.

म्हातारे घरमालक वारले आणि त्यांच्या मुलाला घर विकायची घाई झाली. भाडं आम्ही कधी थकवलं नव्हतं, त्यामुळे आम्हाला काढायला त्याला कारण मिळेना. मग त्याला आक्का दिसल्या. आम्ही परवानगीशिवाय पोटभाडेकरू ठेवली, असा दावा त्याने लावला. ते कोर्टात सिद्ध झालं तर घर रिकामं करावं लागणार होतं. मी तर हसलेच. सख्खी बहीण कधी भाडेकरू असते का?

आमचे वकीलही निवांत होते. "आक्का, तुम्ही एवढंच सांगायचं. मी यांची बहीण, यांच्याजवळ राहते, एका चुलीवरचं जेवते." डब्याखालच्या पैशांचं त्यांनी विचारलं नाही आणि आम्ही सांगितलं नाही. लपवलं नाही हो. घरातल्या घरात कोण कोणाच्या हातावर काय ठेवतं, ही वकिलाला सांगायची गोष्ट असते, हे डोक्यातच आलं नाही.

साक्षीच्या दिवशी आक्का इस्त्रीची साडी नेसून आल्या. आमच्या वकिलांना त्यांनी पढवल्याप्रमाणे उत्तरं दिली. मग मालकाचे वकील उठले. मी मनातल्या मनात शिव्या तयार ठेवल्या होत्या, पण माणूस साखरेहून गोड. आधी न्यायाधीशबाईंना सांगून त्यांनी आक्कांसाठी खुर्ची मागवली.

"ताई, काम काय करता?"

"काज-बटणं."

"म्हणजे स्वतःचं पोट स्वतः भरता."

"मग? हातपाय धड आहेत माझे."

"मागची खोली तुमची?"

"माझीच."

"कुलूप-किल्ली?"

आक्कांनी कमरेची किल्ली काढून दाखवली.

"तरी लोक म्हणतात हो, की बहीण भावाच्या जिवावर बसून खाते."

आमचे वकील हरकत घ्यायला उठेपर्यंत आक्काच खुर्चीतून उठल्या होत्या.

"कोण म्हणतं? एक महिना चुकवलेला नाही मी. पहिल्या तारखेला पैसे ठेवते."

"राहण्याचे?"

"राहण्याचे, खाण्याचे. फुकट राहत नाही मी कोणाकडे."

न्यायाधीशबाईंनी आक्कांची साक्ष म्हणून टंकलेखकाला संथ आवाजात सांगितलं, "मी राहण्याबद्दल दरमहा पैसे देते." त्याने ते टाइप केलं. आमच्या वकिलांनी चष्मा काढून डोळे चोळले.

आक्का येऊन आमच्या शेजारी बसल्या. चेहरा असा फुलला होता, की नवरा गेल्यापासून मी तसा पाहिला नव्हता. "बरं झालं विचारलं," त्या माझ्या कानात म्हणाल्या. "एकदा चारचौघांत सांगायचंच होतं मला."

यांनी त्यांना पाण्याची बाटली दिली. "चांगलं बोललीस, आक्का," म्हणाले. मला तिथेच हंबरडा फोडावासा वाटला.

निकाल विरुद्ध गेला. अपिलातही तेच वाक्य पुढे आलं. आक्कांना यातलं काही कळू द्यायचं नाही, असं यांनी वकिलांना बजावलं आणि मलाही बजावलं. आक्कांना एवढंच सांगितलं, की मालकाला घराची गरज होती, कोर्टाने ती मानली. "असतात एकेकाचे दिवस," आक्का म्हणाल्या. कोर्टाचा बेलिफ घराचा ताबा घ्यायला आला तेव्हा त्यांनी कमरेची किल्ली सोडून स्वतःच त्याच्या हातात दिली.

आता गावाबाहेर एकच खोली आहे. आक्का पडद्याआड झोपतात. काज-बटणं चालूच आहेत. पण पहिली तारीख आली, मी साखरेचा डबा उचलला, तर खाली काही नव्हतं. वाटलं, सामान लावायच्या गडबडीत विसरल्या असतील. पुढच्या महिन्यातही काही नव्हतं. माझ्या स्वयंपाकाला नावं ठेवणंही बंद झालं होतं.

शेवटी मला राहवलं नाही. त्या नुकत्याच जेवायला बसल्या होत्या, ताटाला हात लावला नव्हता. मी थट्टेच्या सुरात म्हटलं, "काय आक्का, डबा रिकामाच असतो हल्ली. विसरलात की काय आम्हाला?"

त्यांनी वर पाहिलं नाही.

"नको गं," त्या म्हणाल्या. "उद्या पुन्हा कोणी विचारलं, तर सांगता यायला हवं ना, मी भावाकडे फुकट राहते म्हणून."

त्यांनी ताटातला अर्धा भात उचलून परत पातेल्यात घातला, आणि उरलेला खाली मान घालून खाल्ला.