कंस आणि पाकळी

पानावर भोपळ्याच्या लगद्याचा एक थेंब, नेमका अपास्ताच्या, म्हणजे हायपरबोलाच्या वक्राच्या, शिरोबिंदूवर... ओर्नेल्लानं तो बोटानं पुसला आणि सवयीनं मनगट बीचेच्या कपाळाला लावलं. ताप नव्हता. सकाळपासून चौथ्यांदा नव्हता. आठ महिन्यांची पोर खुर्चीत बसून चमचा आपटत होती, आणि समोर फियोरेन्झाचं पुस्तक पसरलेलं — अजून पुस्तक नव्हे, कच्ची पानं. पादोवाच्या विद्यापीठात गणित शिकताना दोघी एका बाकावर बसल्या. शिकवायची जागा मात्र एकच निघाली, तेव्हा ओर्नेल्लाला सहावा महिना होता. अर्ज तिनं स्वतःच केला नाही. म्हणजे दोष द्यायलाही कुणी नाही.

प्रस्तावनेत शेवटची ओळ होती : ‘ओर्नेल्लाचे आभार, तिच्या कॉफीबद्दल.’ कॉफीबद्दल!

आणि चौथ्या प्रकरणात ते वाक्य. बिंदूची उंची दिली असता उलट जाऊन मूळ संख्या शोधायची, तर ‘वर्तुळाप्रमाणेच अपास्तावरही ही संख्या म्हणजे कंसाची लांबी.’

तिनं पुन्हा वाचलं. आत काहीतरी गोड सरकलं — हो, गोडच, खोटं कशाला बोलायचं...

चूक होती. एकक वर्तुळावर कंसाची लांबी आणि पाकळीच्या क्षेत्रफळाची दुप्पट एकच येते; दोघी इतक्या मिळत्याजुळत्या की कुणाचंही नाव घ्या. अपास्तावर त्यांची फारकत होते. तिथं ती संख्या पाकळीच्या क्षेत्रफळाचीच दुप्पट असते, कंस लांबीनं भलतीकडेच जातो. म्हणून तर इथं त्या उलट्या फलाला, फंक्शनला, ‘सेत्तोरे’ म्हणतात, पाकळी! खानावळीत पावाच्या कागदावर पेन्सिलीनं ती पाकळी रेघारेघांनी भरून फियोरेन्झालाच दाखवली होती मी — अगं, उत्तर नावातच आहे. दोन वर्षं परदेशात राहून आली, तिथलं ‘आर्क’, म्हणजे कंस, घेऊन आली, आणि पाकळी विसरली.

फोन वाजला.

“काय गं नेल्ला, वाचलंस? बाराला छापखान्यात द्यायचंय.”

“चौथं चाललंय.”

“अजून चौथंच? लेकीनं तुझा वेग खाल्ला की गं! पूर्वी माझ्याआधी संपवून वर मलाच हसायचीस.”

“भोपळाही खाते ती,” ओर्नेल्ला म्हणाली.

फियोरेन्झा खळखळून हसली. “काही सापडलं तर सांग हं. तुझ्याखेरीज कुणाला दाखवलेलं नाही.”

“बघते.”

फोन ठेवला. साडेअकरा. गप्प राहिलं तर उन्हाळ्याआधी दोनशे मुलं ते वाक्य पाठ करतील, आणि कुणीतरी भर वर्गात उठून विचारील... फियोरेन्झाचा लाल झालेला चेहरा तिनं मन लावून रंगवला. पण रंगवता रंगवता तो तिचा स्वतःचाच होऊ लागला — फळ्यासमोर उभा, हातांना खडू, कानशिलं तापलेली, मागे मुलांची कुजबुज. आणि त्या लाजेचाही तिला हेवा वाटला.

वर्षभरात तिच्या हातून एकही चूक झाली नव्हती. म्हणजे अशी, कुणी पेन्सिल घेऊन बसावं अशी. तिच्या चुका होत्या दूध जरा गरम, टोपी राहिली, खिडकी उघडी. त्या कोण छापणार?

बीचेनं चमचा खाली टाकला. ओर्नेल्ला वाकली नाही. त्या वाक्याखाली बोट ठेवून ती वाचत राहिली, हळूहळू, ओठ हलवत, जणू ते आपणच लिहिलं आहे आणि खोडायला कुणी येऊ नये.